जादू नको, हिशेब सांगा

दिवाळीच्या सुट्टीत भाचा बेटेगावला आला होता. आठवीत आहे, आणि सध्या एक गोष्ट लिहितोय. गोष्ट कसली, अख्खं जगच! सात राज्यं, दोन चंद्र, एक आंधळी राणी आणि उडणाऱ्या म्हशी (ही बहुतेक आमच्या गावाची देणगी). या सगळ्यांची भांडणं ज्या वस्तूवरून चालतात तिचं नाव 'निलांश'. दुर्मीळ, जादूची आणि अस्थिर. वहीच्या मागच्या पानावर त्याने निलांशाचे नियम लिहून ठेवलेत. त्याच्या परवानगीने इथे देतोय :-)

१. डोंगरभर दगड फोडावा तेव्हा चिमूटभर निलांश मिळतो.
२. थोडा असला तर शांत बसतो. जास्त एकत्र ठेवला की जागा होतो.
३. जागा झालेला निलांश पाण्याखाली ठेवतात. तिथे तो निळा उजेड देतो.
४. त्याच्या शेजारी ठेवलेली वस्तूही बदलून दुसरीच होते.
५. तो जाळतो, पण जाळताना दिसत नाही.
६. त्याचे राखणदार छातीवर बिल्ला लावतात आणि आतलं बाहेर सांगत नाहीत.

"मामा, जास्तच होतंय का रे? लोकांना खोटं वाटेल का?" त्याने विचारलं.

मी त्याला गच्चीवर नेलं आणि पश्चिमेकडे बोट दाखवलं. तसं दिसत काही नाही. बोईसरच्या इमारती, एमआयडीसीची धुराडी आणि त्यांच्या पलीकडे समुद्र असणार एवढा अंदाज. "त्या तिथे तुझा निलांश १९६९ पासून ठेवलाय," म्हटलं. आधी त्याला थट्टा वाटली. मग आम्ही वही घेऊन बसलो आणि एकेक नियम तपासला. सहाच्या सहा नियम थोड्याफार फरकाने खरे निघाले. मला जे म्हणायचंय ते मात्र वहीत नसलेल्या सातव्या नियमाबद्दल आहे. तिथे पोहोचेपर्यंत थोडा धीर धरा.

तारापूरची पहिली दोन युनिटं २८ ऑक्टोबर १९६९ ला सुरू झाली. अमेरिकेशी १९६३ मध्ये करार झाला होता. देशातलं हे पहिलं अणुवीज केंद्र. आपल्याकडे सगळे नुसतं 'अ‍ॅटॉमिक' म्हणतात. "कुठे कामाला?" "अ‍ॅटॉमिकला." विषय संपला.

पहिला नियम, डोंगरभर दगड. झारखंडातल्या जादुगुड्याच्या खाणीतून १९६७ पासून युरेनियम काढतात. (नावातच जादू, हा निव्वळ योगायोग!) तिथल्या एक टन खनिजात युरेनियम अर्धा-पाऊण किलोच्या आसपास. युरेनियम तसं फार दुर्मीळ नाही. पृथ्वीच्या कवचात ते चांदीपेक्षा कितीतरी जास्त आहे. समुद्राच्या एक टन पाण्यातही तीनेक मिलिग्रॅम असतं. म्हणजे दांडीचे नि सातपाटीचे कोळी रोज युरेनियमच्याच पाण्यात जाळं टाकतात. दुर्मीळ आहे तो त्यातला कामाचा भाग, युरेनियम-२३५. हजारात फक्त सात.

आणि त्या सातांची ताकद केवढी? एक ग्रॅम युरेनियम-२३५ पूर्ण फुटलं तर साधारण तेवीस हजार युनिट उष्णता मिळते. उष्णतेची वीज करताना दोन भाग वाया जातात असं धरलं तरी साडेसात हजार युनिट वीज हाती येते. महिन्याला दोनशे युनिट जाळणारं घर त्यावर तीन वर्षं चालेल. एक ग्रॅम म्हणजे चिमूटभर मीठ! इथे भाच्याने वहीत काहीतरी खोडलं. त्याचा निलांश यापेक्षा कमजोर निघाला होता.

दुसरा नियम, जास्त एकत्र ठेवला की जागा होतो. हाही खरा, फक्त नुसतं जास्त असून भागत नाही, नीट रचावंही लागतं. युरेनियम-२३५ चं अर्धायुष्य सुमारे सत्तर कोटी वर्षं आहे. इतक्या सावकाश झिजणाऱ्या वस्तूला अस्थिर कशाला म्हणायचं? कारखान्यातून आलेली नवी कोरी इंधनाची गोळी हातमोजे घालून उचलता येते. पण ठरावीक मांडणीत, ठरावीक पाण्यात ती रचली की एका अणूचा न्यूट्रॉन दुसऱ्याला फोडतो, दुसऱ्याचा तिसऱ्याला, आणि हे चालूच राहतं. खरी अस्थिर मंडळी त्यानंतर जन्माला येतात. आयोडिन-१३१ आठ दिवसांत निम्मं होतं. सीझियम-१३७ ला तीस वर्षं लागतात. म्हणूनच भट्टी बंद केली तरी आतलं इंधन तापतच राहतं आणि त्याला पाणी द्यावंच लागतं. जपानात ११ मार्च २०११ ला फुकुशिमाच्या चालू भट्ट्या भूकंप होताच ठरल्याप्रमाणे बंद झाल्या होत्या. घात झाला तो त्सुनामीनंतर पाणी फिरवणारी वीज गेल्यामुळे. तारापूरच्या पहिल्या दोन भट्ट्याही त्याच उकळत्या पाण्याच्या जातीच्या, हे इथल्या माणसाने जाणून असावं. घाबरण्यासाठी नाही, जाणून असण्यासाठी.

तिसरा नियम, निळा उजेड. वापरलेलं इंधन खोल पाण्याच्या हौदात ठेवतात तेव्हा पाणी खरंच निळं चमकतं. याला चेरेन्कोव्ह प्रकाश म्हणतात. पाण्यात प्रकाश जेवढ्या वेगाने जातो त्याहून वेगात इलेक्ट्रॉन धावले की हा दिसतो. भाच्याने हे कुठेही वाचलेलं नव्हतं. मग निळाच का सुचला? "लाल सगळेच वापरतात," म्हणाला.

चौथा नियम, शेजारची वस्तू बदलते. हा माझा आवडता. तळ्यातल्या परिसाला लागून हत्तीच्या पायातली साखळी सोन्याची झाली, ही दंतकथा आपल्याकडे किती किल्ल्यांवर सांगतात! शेकडो वर्षं लोक पारा आटवत बसले, धातू काही बदलला नाही. मग १९०१ मध्ये मॉन्ट्रियलला रदरफर्ड आणि सॉडी यांना दिसलं की थोरियम आपसूकच दुसरं मूलद्रव्य होतंय. आणि आता तारापूरच्या भट्टीत हे रोजचं काम आहे. न फुटणारं युरेनियम-२३८ न्यूट्रॉन गिळतं आणि काही दिवसांत प्लुटोनियम होतं. परीस सापडला, पण त्याने सोनं नाही केलं. त्याने केलेल्या प्लुटोनियमला निम्मं व्हायला चोवीस हजार वर्षं लागतात. महाराजांचा राज्याभिषेक १६७४ चा, त्याला साडेतीनशे वर्षं झाली. आता चोवीस हजारांचा अंदाज तुम्हीच बांधा.

आणि या परिसापायी राज्याराज्यांत भांडणंही झाली, अगदी वहीतल्यासारखी. मे १९७४ मध्ये पोखरणला स्फोट झाला आणि तारापूरला इंधन द्यायला अमेरिका कां-कू करू लागली. १९७८ मध्ये त्यांनी नवा कायदा केला. १९८० मध्ये शेवटचा मोठा साठा तिथल्या सिनेटमध्ये जेमतेम मतांनी सुटला. मग १९८२ च्या समझोत्याने फ्रान्स आला. १९९३ मध्ये तो करार संपल्यावर १९९५ मध्ये चीनने दिलं आणि २००१ मध्ये रशियाने. बोईसर स्टेशनवर वडापाव खाणाऱ्या माणसाला पत्ताही नव्हता की त्याच्या डोक्यावरच्या ट्यूबलाइटसाठी वॉशिंग्टन, पॅरिस, बीजिंग आणि मॉस्को अशी वारी चाललीय. वापरून झालेल्या इंधनाचंही तेच. ते परत न्यायचं, की इथेच त्यातून प्लुटोनियम काढायचं, यावर दोन्ही देशांचं एकमत झालंच नाही. घर सोडून न गेलेल्या पाहुण्यासारखं ते वर्षानुवर्षं हौदातच राहिलं. त्याची मोजदाद करायला व्हिएन्नाहून आंतरराष्ट्रीय निरीक्षक येतात.

पाचवा नियम, न दिसता जाळणं. यावर इथली काळजी म्हणजे काच. दुसऱ्या इंधनातून प्लुटोनियम वेगळं केल्यावर जो जहाल द्रव उरतो, तो वितळलेल्या काचेत मिसळून त्याचा ठोकळा करतात. असं काचीकरण करणारा देशातला पहिला कारखाना तारापूरलाच झाला. मला ही कल्पना आवडते. बांगडी फुटली तरी तिचा रंग पाण्यात उतरत नाही, तसंच काहीसं.

आता सहावा नियम. राखणदारांचा बिल्ला.

भाच्याने तो शोभेसाठी दिला होता. खरा बिल्ला शोभेचा नसतो. त्यात एक लहानशी चकती असते आणि त्या माणसाच्या अंगावर किती किरण पडले याची ती नोंद ठेवते. ठरावीक काळाने बिल्ला तपासतात आणि आकडा त्याच्या नावावर लिहितात. कामगारासाठी मर्यादा पाच वर्षांच्या सरासरीने वर्षाला २० मिलिसिव्हर्ट, आणि कुठल्याही एका वर्षात ३० च्या वर नाही. बाहेरच्या तुमच्या-आमच्यासारख्यांना केंद्रामुळे होणारी मात्रा वर्षाला १ च्या वर जाता कामा नये. ताडून बघायचं तर माती, आकाश, दगड यांच्याकडून जगात सरासरी माणसाला वर्षाला २.४ मिळतातच. म्हणजे आत काम करणाऱ्याच्या छातीवर त्याचा हिशेब लावलेला आहे.

मग भाच्याने विचारलं, "आणि बाहेरच्या गावातल्या लोकांसाठी काय नियम? ते माझ्या गोष्टीत राहिलंच."

मी गप्प! कारण मलाही माहीत नव्हतं. जन्म इथे गेला, एमआयडीसीतल्या एका कारखान्यात मी स्वतः काम केलंय. तरी माहीत नव्हतं.

आपल्याकडे अणुवीज केंद्राभोवती १६ किलोमीटरचा टापू आणीबाणीच्या नियोजनासाठी धरायची पद्धत आहे. नकाशावर पट्टी ठेवली तर बेटेगाव तारापूरच्या केंद्रापासून सरळ रेषेत बारा-चौदा किलोमीटर भरतं. म्हणजे आम्ही वर्तुळाच्या आत. कागदावर योजना आहे, बाहेरच्या गावांची जबाबदारी जिल्हाधिकाऱ्यांकडे आहे, अधूनमधून सरावही होतात. पण घरात मी आईला विचारलं, भोंगा वाजला तर काय करशील? "अंगणात जाऊन बघीन काय झालं ते." वहिनी म्हणाली, मुलांना घेऊन स्टेशन गाठायचं. शेजारचे काका म्हणाले, "काही होत नाही रे, इतकी वर्षं झालं का काही?" तीन माणसं, तीन उत्तरं, आणि पहिली दोन बहुधा चूक. कारण हवेत किरणोत्सारी काही सुटलं असेल तर बहुतेक वेळा पहिली सूचना असते ती घरात जाऊन दारं-खिडक्या लावून बसण्याची. मग गरज पडली तर सांगतील तेव्हा आयोडिनची गोळी. आपल्या गळ्यातली ग्रंथी साध्या आयोडिनने आधीच भरली की किरणोत्सारी आयोडिनला तिथे जागा उरत नाही. ती वेळेवर घेण्यात अर्थ आहे, उगाच आधीपासून खाण्यात नाही. आणि गाव सोडायची वेळ आलीच तर तीही सांगतील तेव्हा आणि सांगतील त्या रस्त्याने.

तुम्ही म्हणाल, एवढं कशाला मनावर घ्यायचं? तर एक आठवण सांगतो.

सात-आठ वर्षांपूर्वी बहिणीचं भाड्याचं घर एमआयडीसीच्या कडेला होतं. एका रात्री मी तिच्याकडे मुक्कामाला होतो. दीडच्या सुमाराला डोळे चुरचुरून जाग आली. कुठल्याशा कारखान्यातून वायू सुटला होता. कुठला, ते आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही. चाळीतले सगळे रस्त्यावर. हाच भाचा तेव्हा पाच-सहा वर्षांचा, माझ्या खांद्यावर, खोकून खोकून निळा पडलेला. रस्ता जिकडे जातो तिकडे आम्ही पळत सुटलो. आणि वास आमच्याबरोबर पळत होता! कारण वाराही तिकडेच वाहत होता. रात्रपाळीहून सायकलवर येणाऱ्या एका म्हाताऱ्या कामगाराने ओरडून सांगितलं, "वाऱ्याला आडवे जा, आडवे!" आम्ही शेतात वळलो. दोनशे पावलांवर श्वास मोकळा झाला. भाच्याला काही झालं नाही. पण त्या रात्रीपासून पहिला वारा कुठून येतोय ते बघायची मला सवय लागलीय.

त्या म्हाताऱ्याने दिलं ते काय होतं? एका ओळीचं ज्ञान. त्याला पैसे पडत नव्हते, त्यात गुपित काही नव्हतं. ते चाळीच्या भिंतीवर रंगवून ठेवता आलं असतं. जानेवारी २०२० मध्ये तारापूर एमआयडीसीतल्या एका रासायनिक कारखान्यात स्फोट होऊन आठ जीव गेले, तेव्हा मला पुन्हा तीच रात्र आठवली. आणि गंमत बघा, दोन्ही संकटांचे नियम वेगळे. एका वायूसाठी वाऱ्याला आडवं पळायचं, दुसऱ्या संकटात घरात बसायचं. म्हणजे कुठला भोंगा कशाचा हेच माहीत नसेल तर माणूस हमखास चुकीचं करणार.

इथे मला जे म्हणायचंय ते स्पष्ट म्हणतो. आपण तारापूरला जादू करून ठेवलंय. ही जादू दोन्ही बाजूंनी होते. एका बाजूला भीतीवाले, "तिकडचे मासे खाऊ नका, केस गळतात" म्हणणारे. त्यांच्या एका वाक्याने बाजारात बसलेल्या कोळणीची टोपली तशीच राहते. दुसऱ्या बाजूला भक्तिवाले, "शास्त्रज्ञांना सगळं कळतं, तुम्ही कशाला विचारता?" असं दरडावणारे. दोघांचंही एका गोष्टीवर एकमत आहे. ही वस्तू आपल्या समजण्यापलीकडची आहे! परीकथेत ते शोभतं. तिथे जादू समजली की गोष्ट संपते. पण जी वस्तू नकाशावर चौदा किलोमीटरवर आहे, ती आम्हाला न समजण्यात मजा कसली?

सुरक्षेसाठी काही गोष्टी गुप्त ठेवाव्या लागतात, हे मला मान्य आहे. कुंपणाच्या आत कुठला दरवाजा कुठे आहे ते मला कळायला नको. पण भोंगा वाजल्यावर आईने अंगणात जायचं की घरात, यात कसलं गुपित? केंद्राजवळ पर्यावरण तपासणारी प्रयोगशाळा आहे. ती पाणी, दूध, मासे, भाजी तपासते. आकडे अहवालांत छापूनही येतात. ते इंग्रजीत असतात आणि आमची ग्रामपंचायत काही ते वाचत नाही. घरपट्टीची यादी जिथे लावतात त्याच फळ्यावर वर्षातून एकदा मराठीत चार ओळी लावा. यंदा इथे मात्रा एवढी, मर्यादा एवढी, माशांत एवढं सापडलं. आकडा कमी असेल तर कोळणीचा धंदा वाचेल. जास्त असेल तर आम्हाला कळायलाच हवं.

सोबत आणखी थोडं. शाळेत वर्षातून एक तास, दोन्ही भोंग्यांचा. चौकात उंच काठीवर वाऱ्याची दिशा दाखवणारी कापडी पिशवी. आयोडिनच्या गोळ्या कुणाकडे मिळणार, त्या जागेचं नाव. बस. याला ना परदेशी इंधन लागतं, ना करार.

आम्ही हे मागतोय ते उपकार म्हणून नाही. या वस्तूची किंमत इथल्या लोकांनी आधीच मोजलीय. तीन आणि चार नंबरच्या ५४० मेगावॅटच्या भट्ट्यांसाठी पोफरण आणि अक्करपट्टी ही गावंच्या गावं उठली. त्या भट्ट्या २००५ आणि २००६ मध्ये सुरू झाल्या. बरोबर त्याच काळात आमच्याकडे भारनियमन होतं, आणि आम्ही कंदिलाच्या काचा पुसत होतो! तक्रार म्हणून सांगत नाही, वीज ग्रिडमध्ये जाते एवढं कळतं. पण ज्याने जागा दिली, अंधारही सोसला, त्याला निदान नियम तरी पाठ असावेत की नाही?

असो. फार लांबलं. भाचा भाऊबीजेनंतर परत गेला. जाताना वहीत सातवा नियम लिहून गेला. तो म्हणतो की त्याच्या राज्यात आता निलांशाच्या आसपासच्या प्रत्येक गावात एक म्हातारा सायकलवरून फिरतो आणि मुलांना वाऱ्याची दिशा शिकवतो. हे सुचवलं मी नाही. त्या रात्रीचं त्याला काही आठवत नसेल असं मी धरून चाललो होतो.

तुमच्या घराच्या आसपास असं काही असेल, रिफायनरी, धरण, औषधाचा कारखाना, तर आज जेवताना घरच्यांना एकच प्रश्न विचारून बघा. भोंगा वाजला तर काय करायचं? उत्तरं किती वेगवेगळी आली ते मला जरूर कळवा. आईला मी सांगून ठेवलंय, अंगणात जायचं नाही. ती म्हणते, "आणि वाळवण कोण उचलणार?" यावर अजून उत्तर सापडलेलं नाही.